धोंडी, फारुख

धोंडी, फारुख : (१९४४– ). ब्रिटिश दूरचित्रवाणीचे नाट्यलेखक, कथा-कादंबरीकार व पटकथाकार. जन्म पुणे येथे पारशी कुटुंबात. बिशप्स स्कूल व वाडिया महाविद्यालयात शिक्षण. विज्ञानाची पदवी घेऊन १९६४ मध्ये ते शिष्यवृत्तीवर केंब्रिजच्या पेम्ब्रोक महाविद्यालयात गेले. तेथे ते विज्ञान सोडून इंग्रजी साहित्याकडे वळले. पुढे लेस्टर विद्यापीठातून एम. ए. झाल्यावर त्यांनी लंडनच्या शाळांत अध्यापन केले.

या काळात ते ब्रिटनमधील ब्लॅक पँथर या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठीच्या चळवळीत आणि नंतर ‘रेस टुडे’ या नियतकालिकाच्या गटात सक्रिय होते. लंडनच्या ईस्ट एंडमधल्या बंगाली स्थलांतरितांनी व कामगारांनी राहत्या घरासाठी दिलेला लढा त्यांनी जवळून पाहिला. वर्गातली मुले व आजूबाजूच्या वस्त्या त्यांच्या ‘ईस्ट एंड ॲट युअर फीट’ (१९७६) आणि ‘कम टू मक्का’ (१९७८) या कथासंग्रहांत उतरल्या.

१९८२ मध्ये चॅनल फोर ही वाहिनी सुरू झाली आणि धोंडींना मोठे व्यासपीठ मिळाले. त्रिनिदादचे नाटककार मुस्तफा मातुरा यांच्यासह त्यांनी ‘नो प्रॉब्लेम!’ (१९८३–८५) ही कृष्णवर्णीय कुटुंबावरील विनोदी मालिका लिहिली. ‘तंदुरी नाइट्स’ (१९८५–८७) मध्ये समोरासमोरच्या दोन भारतीय उपाहारगृहांची चुरस आहे. सईद जाफरी व जोहरा सहगल यांनी त्यात भूमिका केल्या. दोन्ही उपाहारगृहांना ‘द ज्युअल इन द क्राउन’ आणि ‘द फार पॅव्हिलियन्स’ ही ब्रिटिश राजवटीचे स्मरणरंजन करणाऱ्या तत्कालीन मालिकांची नावे देऊन धोंडींनी त्या स्मरणरंजनाला मार्मिक उत्तर दिले. बीबीसीसाठी लिहिलेल्या ‘किंग ऑफ द घेटो’ (१९८६) या चार भागांच्या नाट्यात ईस्ट एंडमधल्या बंगाल्यांचा घरांसाठीचा तो लढाच कथावस्तू झाला.

१९८४ ते १९९७ या काळात ते चॅनल फोरच्या बहुसांस्कृतिक विभागाचे संपादक होते. कोणते कार्यक्रम करवून घ्यायचे, हे ठरवणे त्यांच्याकडे होते. लंडनमधील कॅरिबियन केशकर्तनालयावरची ‘डेझमंड्स’ ही लोकप्रिय मालिका, तसेच शेखर कपूर यांचा ‘बँडिट क्वीन’ (१९९४) हा चित्रपट याच कारकिर्दीतले. ‘मंगल पांडे : द रायझिंग’ (२००५) या चित्रपटाची पटकथा धोंडींची आहे.

स्थलांतरित माणूस तोवर ब्रिटिश पडद्यावर बहुधा दुय्यम पात्र किंवा सामाजिक प्रश्न म्हणून येई. धोंडींनी त्याला घरदार, धंदा, भांडणे आणि स्वतःची विनोदबुद्धी असलेला नायक केले, हे त्यांचे मोठे कार्य होय. माणसांना त्यांच्या मोहल्ल्यासकट पाहण्याची ही नजर ‘पूना कंपनी’ (१९८०) या कथासंग्रहातही दिसते. त्यात पुण्याच्या लष्कर भागातले चौक, इराणी हॉटेले आणि तिथली मित्रमंडळी आहेत. ‘फ्रॅगमेंट्स अगेन्स्ट माय रुइन’ (२०२१) हे त्यांचे आत्मचरित्र.