निकाल लेट, शेवटची तारीख मात्र वेळेवर

आजचा प्रश्न साधा आहे. विद्यापीठाने निकाल उशिरा लावला, तोवर पुढच्या प्रवेशाची तारीख उलटून गेली. आता भोगायचं कुणी?

सुरुवात मुंबईपासून करू. १ मार्च २०१७ ला महाराष्ट्रात नवा विद्यापीठ कायदा लागू झाला. त्यात लिहिलंय की परीक्षा संपल्यावर ३० दिवसांत, फार तर ४५ दिवसांत निकाल लावायचा. आणि त्याच उन्हाळ्यात मुंबई विद्यापीठाने ऑनलाइन पेपर तपासणी आणली. १७ लाखांहून जास्त उत्तरपत्रिका स्कॅन करायच्या, सर्व्हरवर चढवायच्या, प्राध्यापकांनी स्क्रीनवर तपासायच्या. मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो, त्यामुळे एवढं नक्की सांगतो: यातली एक पायरी अडली की मागचं सगळं तुंबतं. तसंच झालं. राज्यपालांनी दिलेली ३१ जुलैची मुदत हुकली, शेवटचे निकाल सप्टेंबरात लागले आणि ऑक्टोबरमध्ये कुलगुरूंना पदावरून काढलं.

कुलगुरू गेले, पण पोरांचं काय? कायदा म्हणतो, ४५ दिवसांत जमलं नाही तर विद्यापीठाने कारणांचा अहवाल कुलपती आणि सरकारला द्यावा. म्हणजे उत्तर द्यायचं ते वरच्यांना. ज्याची सीट गेली त्याला काय मिळणार, हे त्या कलमात नाही. म्हणून माणूस कोर्टात जातो.

कोर्टाने काय म्हटलंय? इथे दोन धागे आहेत.

पहिला धागा विद्यार्थ्याच्या बाजूचा. १९९० चा सुप्रीम कोर्टाचा निकाल घ्या, ओडिशातल्या ब्रह्मपूर विद्यापीठाचा. एका विद्यार्थ्याने एम.ए.ची गुणपत्रिका जोडून लॉला प्रवेश घेतला, अभ्यास केला, परीक्षा दिल्या. निकालाच्या वेळी विद्यापीठ म्हणालं, तू मुळात पात्रच नव्हतास! कोर्टाने सांगितलं, त्याने काही लपवलं नव्हतं, कागद तपासणं तुमचं काम होतं, आता माघार घेता येणार नाही.

दुसरा धागा तारखेच्या बाजूचा. २००२ मध्ये मेडिकलच्या प्रवेशांबद्दल त्याच कोर्टाने बजावलं की वर्ष सुरू झाल्यावर मधेच प्रवेश देऊ नका. यातही तथ्य आहे. एकासाठी तारीख सरकवली की दुसराही येतो, आणि वर्ग काही सुरू होत नाही.

या दोन धाग्यांची गाठ डिसेंबर २०१९ मध्ये बसली. एमबीबीएसचं प्रकरण होतं. तीन न्यायमूर्तींनी ठरवलं की चूक विद्यार्थ्याची नसेल, पूर्णपणे यंत्रणेची असेल आणि तो वेळ न घालवता कोर्टात आला असेल, तर अगदी अपवाद म्हणून ३० सप्टेंबरनंतर महिनाभरात प्रवेश देता येईल. तेही शक्य नसेल तर पुढच्या वर्षी सीट. शिवाय नुकसानभरपाईही देता येईल, पण नुसते पैसे देऊन विषय संपवता येणार नाही.

मला यातली सगळ्यात मोठी गोष्ट वाटते ती 'वेळ न घालवता' ही अट. विद्यापीठाला उशीर झाला तर अहवाल पुरतो, विद्यार्थ्याला उशीर झाला तर केस कमजोर होते. हे बरोबर आहे असं मी म्हणत नाही, पण आज तरी असंच आहे.

त्यामुळे तुमचा निकाल अडकला असेल तर गप्प बसू नका. शेवटच्या तारखेच्या आत अर्ज भरा, 'निकाल प्रलंबित' असं लिहून तात्पुरता प्रवेश मागा. विद्यापीठाला लेखी पत्र द्या आणि त्यावर पोच घ्या. पोर्टलने फॉर्म नाकारला तर तारखेसकट स्क्रीनशॉट ठेवा. तोंडी 'बघू, होईल' कोर्टात चालत नाही, शिक्का मारलेला कागद चालतो.

हा भाग निकालाची वाट बघणाऱ्या मित्राला आजच पाठवा, तारीख गेल्यावर नको. भेटू पुढच्या भागात!