अनुबोधपटात दिसलेला नवा भारत

घरातील वडीलधाऱ्यांना विचारून पाहा. त्यांच्या तरुणपणी चित्रपटगृहात मुख्य खेळ सुरू होण्याआधी सरकारी वृत्तपट किंवा अनुबोधपट हटकून दाखविला जाई. ती काही थिएटरवाल्याची हौस नव्हे. परवान्याची अटच तशी होती, आणि वर भाडेही त्यालाच भरावे लागे! हे पट प्रामुख्याने मुंबईची फिल्म्स डिव्हिजन ही १९४८ साली स्थापन झालेली सरकारी संस्था काढीत असे. २०२२ साली ती राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

धरणे, पोलादाचे कारखाने, सुधारित शेती, कुटुंबनियोजन हे त्या पटांचे नेहमीचे विषय. भाक्रा धरणाच्या जवळपासही जे कधी गेले नाहीत, त्यांनी ते पडद्यावर पाहिले. देशाच्या आधुनिकीकरणाची ती नोंदवहीच होय. उणीव एवढीच की, भारदस्त आवाजाचा निवेदक सारे सांगे आणि पडद्यावरचा मजूर मात्र क्वचितच बोले.

१९६७ साली एस. एन. एस. शास्त्री यांनी याच संस्थेसाठी ‘आय अ‍ॅम ट्वेंटी’ काढला. स्वातंत्र्याबरोबर जन्मलेली पिढी तेव्हा विशीत आली होती. त्या मुलामुलींपुढे शास्त्रींनी कॅमेरा ठेवला आणि देशाबद्दल, स्वतःबद्दल काय वाटते ते विचारले. कोणी आशेने बोलले, कोणी कडवटपणे. कोणाला देशाशी काही कर्तव्यच नव्हते. सरकारी पैशाने निघालेल्या पटात ही उत्तरे राहू दिली गेली, याचे मला आजही नवल वाटते.

सर्वांनाच अशी मोकळीक मिळाली नाही. पानिपतचे ख्वाजा अहमद अब्बास यांनी स्वतंत्रपणे ‘चार शहर एक कहानी’ हा दोन रिळांचा पट काढला. कलकत्ता, मुंबई, मद्रास व दिल्ली येथील वैभव आणि त्याच्या पायाशी असलेले दारिद्र्य त्यात समोरासमोर होते. १९६८ साली सेन्सॉरने तो केवळ प्रौढांसाठी ठरविला. बदनाम वस्तीतील दृश्ये कापल्यास सर्वांना दाखवू देऊ, असे पुढे सरकारने कळविले. अब्बाससाहेब सर्वोच्च न्यायालयात गेले. तेथे सरकारने काटछाटीचा आग्रह सोडला, तरी ते थांबले नाहीत. आता त्यांनी पूर्वतपासणीच्या अधिकारालाच आव्हान दिले. २४ सप्टेंबर १९७० रोजी सरन्यायाधीश महंमद हिदायतुल्ला यांनी निकाल दिला, की पूर्वतपासणी घटनेला धरूनच आहे. मात्र तिचे नियम अधिक स्पष्ट हवेत व कलेची बूज राखणारे हवेत.

अब्बाससाहेब खटला हरले म्हणावे की जिंकले? वर्गात यावर वाद घालून पाहावा. त्यांची चार शहरे मात्र न कापता प्रेक्षकांपुढे जायला मोकळी झाली.