कात्रीमागचा हात

चित्रपटाच्या आरंभी जी नामावली पडद्यावरून सरकते, तीत संकलकाचे नाव असतेच. परंतु ते वाचण्याची तसदी आपण क्वचितच घेतो. शासकीय सेवेत आयुष्य घालविल्यामुळे आम्हांला याचे नवल वाटत नाही. टिप्पणी एकाची आणि स्वाक्षरी दुसऱ्याची, हा व्यवहार आम्ही जवळून पाहिला आहे. कार्लोस सॅव्हेज या मेक्सिकन संकलकाची कारकीर्द म्हणूनच आम्हांला आपलीशी वाटते.

विसाव्या शतकाच्या मध्यावर मेक्सिकोचा चित्रव्यवसाय भरभराटीत होता. शोकनाट्ये, विनोदी चित्रे आणि गाणाऱ्या घोडेस्वारांच्या कथा यांचे चित्रीकरण मोजक्या दिवसांत उरकावे लागे. अशा ठिकाणी संकलकाचे काम एकच : सांधा दिसू न देता कथा पुढे नेणे. स्पेनमधून परागंदा झालेले दिग्दर्शक लुईस बुन्युएल यांनी 1949 साली ‘एल ग्रान कालावेरा’ हे विनोदी चित्र केले, त्याचे संकलन सॅव्हेज यांचे होते. त्या चित्राच्या यशामुळेच ‘लोस ओल्विदादोस’, म्हणजे ‘विस्मृतीत गेलेले’, या पुढील चित्राची वाट मोकळी झाली.

मेक्सिको शहराच्या दरिद्री वस्तीतील मुलांचे हे चित्र अवघ्या 21 दिवसांत चित्रित झाले. 1950 साली ते प्रदर्शित झाले तेव्हा देशाची बदनामी केली म्हणून गहजब उडाला आणि काही दिवसांतच ते पडद्यावरून उतरले. पुढील वर्षी कान महोत्सवात बुन्युएल यांना दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले आणि मायदेशीचे मतही पालटले. मेक्सिकोच्या ‘एरिएल’ पुरस्कारांपैकी 11 पुरस्कार या चित्रास लाभले. त्यांत संकलनाचाही होता. या चित्राचा एक सुखान्त शेवटही चित्रित करून ठेवलेला होता, हे कित्येक दशकांनंतर उघडकीस आले. पेद्रो वाचतो आणि सुधारगृहात परत जातो, असा तो शेवट. प्रत्यक्ष चित्रात मात्र त्याचे प्रेत उकिरड्यावर लोटले जाते. हा निर्णय एकट्या संकलकाचा खचितच नव्हे. पण काय ठेवावे आणि काय वगळावे, या प्रश्नाचे वजन त्यावरून कळते.

पुढे ‘एल’ आणि ‘नासारिन’ यांसारख्या गंभीर कृतीही सॅव्हेज यांच्या हाताखालून गेल्या. 1960 साली मात्र त्यांनी ‘ला नावे दे लोस मोन्स्त्रुओस’ या चित्राचे संकलन केले. शुक्रावरील पुरुष संपल्यामुळे अंतराळयानातून वर शोधीत आलेल्या सुंदरी, सोबत राक्षस आणि यंत्रमानव, आणि गाठ पडते ती थापाड्या, गाणाऱ्या घोडेस्वाराशी! अवघ्या दोन वर्षांनी, 1962 साली, त्याच हाताने बुन्युएल यांचा ‘एल आंजेल एक्स्तेर्मिनादोर’ सांधला. त्यात मेजवानीचे पाहुणे वाड्यात प्रवेश करतात आणि लगेच तोच प्रवेश पुन्हा घडतो. छायालेखक गाब्रिएल फिगेरोआ यांना ती जोडणीतील चूक वाटली, असे बुन्युएल यांनीच आत्मचरित्रात नमूद केले आहे. चूक नव्हती, पुनरावृत्ती हेतुपुरस्सर होती.

आम्हांस या प्रसंगाचे मोल मोठे वाटते. बाजारू चित्रांत जन्मभर सांधे लपविणाऱ्या कारागिराला एक सांधा उघडा ठेवावयास सांगितले जाते आणि तो तसा ठेवतो. हलक्या मानल्या गेलेल्या कामातच त्याचा हात घडला होता. इतिहासकार मात्र उत्तम कृती बुन्युएल यांच्या खाती जमा करतात आणि राक्षसांचे यान अडगळीत टाकतात. दोन्हींवर एकच नाव आहे, ही नोंद राहूनच जाते.

‘लोस ओल्विदादोस’ची मूळ प्रत 2003 साली युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत समाविष्ट झाली. विस्मृतीत गेलेल्यांचे चित्र जगाच्या स्मरणात राहिले. ते पाहण्याचा योग आला, तर आमची वाचकांस एवढीच विनंती : नामावली सरकू लागताच उठू नये.