कुंपणावरचे गिलके : भाजी, बी आणि घासणी



धान कापणीला आले की घराच्या मागे पाहायला कोणाला सवड नसते. कापणी, भारे, मळणी, मग बाजार; कार्तिक कसा निघून जातो ते कळत नाही. अशा वेळी एकदा सांदवाडीच्या कुंपणाकडे जरूर पाहा. पाने वाळलेल्या वेलावर दोन-चार तपकिरी फळे लोंबत असतील. हातात घ्या, वजन म्हणून नाही. कानाशी हलवा, आत खुळखुळ वाजते. भाजीच्या दिवसांत पानाआड राहून गेलेले हे गिलके. पुष्कळ घरी ते आता वेलासकट ओढून उकिरड्यावर टाकतात.

बंधूंनो, ते टाकण्याआधी त्याची हकिकत ऐकून घ्या. हे फळ वैद्याच्या ग्रंथात गेले, सातासमुद्रापार गेले, आगबोटीच्या इंजिनातही जाऊन बसले. आणि आपल्या घरातून मात्र ते कसे निघून गेले, हेच आज सांगायचे आहे.

नावे अनेक, वेल एक

पुण्याकडे आणि कोकणात याला घोसाळे म्हणतात. खानदेशात आणि वऱ्हाडात गिलके. आपल्या तिरोड्याहून वैनगंगा ओलांडून बालाघाटकडे गेले की गिलकी किंवा तोरई. शिरा असलेला तो दोडका किंवा शिराळे. तो गिलक्याचा सख्खा भाऊ, पण वेल वेगळा. ओळखायचे कसे? गिलक्याचे फूल पहाटे उमलते, दोडक्याचे सायंकाळी. गिलक्याचे बी गुळगुळीत असते आणि त्याच्या कडेला पातळ किनार असते. दोडक्याच्या बियांवर खड्डे असतात, किनार नसते. बी घेताना एवढे पाहिले तरी फसगत टळते.

अमरकोश हा संस्कृतातला जुना शब्दकोश. त्यात वनौषधींच्या वर्गात धामार्गव आणि घोषक ही नावे येतात, आणि पिवळ्या फुलाच्या वेलाला महाजाली म्हटले आहे. महाजाली म्हणजे मोठी जाळी! फळाच्या पोटातली जाळी त्या काळच्या लोकांनी पाहिली असणार, असे हे नाव वाचून वाटते. आणि घोष म्हणजे आवाज. वाळलेल्या फळातले बी वाजते, तेव्हा घोषक आणि घोसाळे यांचे नाते सहज मनात येते.

चरकसंहितेत कल्पस्थान नावाचा भाग आहे. त्यात धामार्गवावर एक अध्याय आहे आणि कृतवेधन म्हणजे कडू दोडक्यावर दुसरा. हे अध्याय भाजीचे नाहीत बरं का! पोटातले दोष काढण्यासाठी वैद्य रोग्याला वांती करवीत, त्या औषधांत यांची गणना आहे. म्हणजे या कुळातल्या कडू फळाने वांती होते, हे जुन्या वैद्यांना पक्के ठाऊक होते. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचे काम पडणार आहे.

जन्म इकडचा, नाव मिसरचे

सतराव्या शतकात डच अधिकारी व्हॅन ऱ्हीड याने मलबारातील वनस्पतींचा मोठा ग्रंथ तयार करविला. ‘हॉर्टस मलबारिकस’ हे त्याचे नाव. १६७८ ते १६९३ या काळात त्याचे १२ खंड ॲमस्टरडॅमला छापले गेले. इट्टी अच्युतन हे मलबारी वैद्य आणि रंग भट, विनायक पंडित व अप्पू भट हे तिघे कोकणी वैद्य या कामात होते. या तिघांचे प्रमाणपत्र पहिल्या खंडात देवनागरी लिपीत छापले आहे. या ग्रंथात दोडक्याच्या कुळातील वेलही मलबारी नावाने, चित्रासह नोंदले आहेत.

परंतु जगात नाव रूढ झाले ते दुसरेच. मिसर देशात, म्हणजे इजिप्तमध्ये, या फळाला अरबीत लूफा म्हणत. युरोपातल्या पंडितांनी वेल तिथे पाहिला आणि तेच नाव उचलले. फिलिप मिलर या इंग्रज माळ्याने १७६८ साली त्याला शास्त्रीय नाव दिले, त्याचा अर्थच ‘मिसरचा लूफा’ असा होतो. हा वेल मूळचा आशियातला, बहुतेक भारताकडचा, असे जाणकार मानतात. माल आपला आणि छाप दुसऱ्याची, असा हा प्रकार झाला.

आगबोटीच्या इंजिनात

आपण याची भाजी केली, भजी तळली आणि जाळीने अंग घासले. जपानने याचा धंदा केला. १८९० नंतरच्या काही वर्षांत तिथे व्यापारी लागवड सुरू झाली. लांब फळाचे, दाट आणि चिवट जाळीचे वाण निवडून त्यांची जाळी परदेशी धाडू लागले. जपानीत या वेलाला हेचिमा म्हणतात. वेलाचा बुंधा कापून टोक बाटलीत सोडतात आणि जमणारे पाणी चेहऱ्याला लावतात. फळ, जाळी, पाणी. काहीच वाया जात नाही.

अमेरिकेने ही जाळी विकत घेतली ती मुख्यतः अंघोळीसाठी नव्हे. वाफेच्या इंजिनात जाणाऱ्या पाण्यातले तेल आणि कचरा गाळायला ती उपयोगी पडे. दुसऱ्या महायुद्धापूर्वी अमेरिकेत येणाऱ्या जाळीचा मोठा हिस्सा जहाजांच्या इंजिनांतील गाळण्यांसाठी जाई. १९४१ च्या डिसेंबरात जपान आणि अमेरिका यांचे युद्ध पेटले आणि हा माल बंद झाला. मग मध्य आणि दक्षिण अमेरिकेत याची लागवड करून पाहण्याची धावपळ झाली. आपल्या कुंपणावर फुकट लोंबणाऱ्या वस्तूसाठी एका बलाढ्य देशावर ही पाळी आली!

पण काळ बदलत होता. १९३८ साली अमेरिकेत नायलॉनच्या शोधाची घोषणा झाली होती. युद्धानंतर कृत्रिम धागा, प्लास्टिक आणि कृत्रिम स्पंज स्वस्त झाले. गिलक्याच्या जाळीचा जुना बाजार बसला.

आपल्या दारात काय घडले

आता तिरोड्याकडे वळू. हा मुलूख धानाचा आणि तलावांचा. पूर्वी हा तालुका भंडारा जिल्ह्यात होता. १ मे १९९९ रोजी गोंदिया जिल्हा झाला. १९५१ साली मालगुजारी संपली. मालगुजारांच्या तलावांची नोंद राहिली, धानाच्या बांध्यांचीही राहिली. पण सांदवाडीतले दोन वेल सातबाऱ्यावर चढत नाहीत. त्यांचा इतिहास बायांच्या हातात असतो, आणि हात थांबले की तोही थांबतो.

घरातल्या वयस्कर बायांना विचारून पाहा. भांडी कशाने घासत होता? कोणी राख आणि तणसाचा बोळा सांगेल, कोणी नारळाचा काथ्या, कोणी गिलक्याची जाळी. आता जाळीची रीत पाहा. जाळी हवी असेल तर फळ वेलावर वाळू द्यावे लागते. फळ वाळले की बीही पिकते. जाळी साफ करताना बी झडून हातात येते. ते राखेत घोळून मडक्यात ठेवले की पुढच्या मिरगाची सोय झाली. म्हणजे घासणी आणि बियाणे ही दोन कामे एकाच फळात होत. बियाण्यासाठी म्हणून वेगळे काही करावे लागत नसे.

पुढे बाजारात नायलॉनची आणि तारेची घासणी आली. फळ वाळवायचे कारणच उरले नाही. सगळी फळे कोवळी तोडली जाऊ लागली. मग बी कुठून येणार? ते पाकिटातून येऊ लागले. पाकिटातले बी वाईट असते असे आम्ही म्हणत नाही. दिल्लीच्या पुसा संस्थेने ‘पुसा चिकनी’ हे गिलक्याचे चांगले वाण दिले. (ही संस्था १९०५ साली बिहारात पुसा गावी निघाली. १९३४ च्या भूकंपात इमारत पडली, १९३६ साली ती दिल्लीला गेली, पण गावाचे नाव तिने सोडले नाही.) राहुरीच्या कृषी विद्यापीठाने ‘फुले प्राजक्ता’ दिले. अशा सरळ वाणाचे बी नीट राखले तर घरी धरता येते. संकरित पाकिटाचे मात्र तसे नाही. त्याचे बी धरून पेरले तर पुढच्या पिढीत वेल एकसारखे निघत नाहीत.

म्हणून बंधूंनो, गेले ते केवळ घासणी गेली असे समजू नका. घासणी गेली आणि तिच्या मागोमाग घरचे बियाणे गेले. आपल्या आजीच्या वेलाचे गिलके लांब होते का आखूड, भर पावसात टिकत होते का सडत होते, हे ज्याच्यात साठवले होते तेच गेले. एकदा गेलेले वाण पैसे देऊनही परत मिळत नाही.

दोन फळे वेलावर राखा

उपाय सोपा आहे. त्याला ना कर्ज लागते ना अर्ज.

मिरगाचा पाऊस झाला की बी रात्रभर भिजवून एका आळ्यात दोन-तीन टोचा. आपली जमीन चिकण आणि पाऊस भरपूर, म्हणून आळे सखल जागी नको, उंचवट्यावर किंवा धुऱ्यावर करा. शेणखत घाला आणि वेल मांडवावर चढवा. जमिनीवर पसरलेल्या वेलाची फळे सडतात आणि जाळी काळी पडते. रोपे लहान असताना लाल भुंगेरे पाने खातात, ते सकाळी वेचून मारा. फळमाशीने डंख केलेली फळे खाली पडू देऊ नका, तोडून खोल पुरा.

वेलावर फळ पिकू लागले की नवी फळे कमी धरतात. म्हणून सगळ्या वेलांवर फळे ठेवू नका. सर्वांत जोमदार, निरोगी आणि गोड फळाचा एक वेल निवडा. त्याची सुरुवातीची फळे भाजीला तोडा आणि नंतर धरलेली चांगली दोन-चार फळे राखा. त्यांना चिंधी बांधा, म्हणजे घरातले कोणी चुकून तोडणार नाही.

आता ती कडवटपणाची गोष्ट. मधमाश्या परागकण दूरवर नेतात. जवळ रानातला कडू वेल असला तर संकर होतो आणि त्या बियांच्या वेलाला पुढच्या वर्षी कडू फळे येऊ शकतात. म्हणून आजूबाजूचे कडू वेल फुलण्याआधी उपटा. ज्या मादी फुलामागे इवले फळ दिसते ते उमलण्याच्या आदल्या सायंकाळी फडक्यात बांधा, तसेच एक नर फूलही बांधा. पहाटे नराचे पराग मादीला लावा आणि फूल पुन्हा दोन दिवस बांधून ठेवा. असे बी खात्रीचे.

आणि भाजी करताना गिलके कडू लागले तर ती भाजी टाकून द्या. मीठ-मसाला घालून खाऊ नका, लेकरांना तर मुळीच देऊ नका. वांती, जुलाब होऊन जिवावर बेतू शकते. जुने वैद्य त्याचा उपयोग कशासाठी करीत होते ते वर आलेच आहे. त्या वेलाचे बी धरू नका.

राखलेले फळ तपकिरी, हलके होऊन वाजू लागले की तोडा. खालच्या टोकाची टोपी काढून बी झाडून घ्या. फळ पाण्यात भिजवा, साल सुटते. आतली जाळी दोन-तीन पाण्यांत धुऊन उन्हात कडक वाळवा. अंगाला एक, भांड्याला एक. वापरून झाल्यावर दरवेळी वाळत घाला, नाहीतर कुजते. जुनी झाली की खताच्या खड्ड्यात टाका, तिचे खत होते. नायलॉनच्या जाळीचे तसे होत नाही. तिचे बारीक तुकडे मोरीतून नाल्यात आणि नाल्यातून तलावात जातात.

शहरांत ही जाळी आता पुन्हा विकली जाते, अंघोळीसाठी, सुबक बांधून. पण त्या भरवशावर धानाची बांधी मोडू नका. आधी घेणारा पाहा, भाव ठरवा, मगच चार आळी वाढवा. घरापुरते करायला मात्र कोणाला विचारायला नको.

या वर्षी एका तरी वेलावर दोन फळे राखा. निघालेल्या बियांतले मूठभर शेजारणीला द्या. आपल्या घरचा वेल एखाद्या साली बुडाला, तर बी शेजारी मागता येईल.