मारिओचा मालक कोण? निन्टेन्डो आणि रुपेरी पडद्याची ६४ वर्षे

१/ एप्रिल २०२३ मध्ये 'द सुपर मारिओ ब्रदर्स मूव्ही' प्रदर्शित झाला आणि त्याने जगभरात १३० कोटी डॉलर्सहून अधिक कमाई केली. त्याच्या ३० वर्षे आधी याच पात्रावरचा चित्रपट सपशेल आपटला होता. 'तेव्हाचा वाईट, आताचा चांगला' एवढ्यावर हा इतिहास संपत नाही. त्यामागे पात्राच्या मालकीचा दीर्घ प्रश्न आहे. #धागा

२/ निन्टेन्डोची स्थापना १८८९ मध्ये क्योतो शहरात झाली. व्यवसाय होता हानाफुदा, म्हणजे फुलांची चित्रे असलेले जपानी पत्ते तयार करण्याचा. १९५९ मध्ये कंपनीने डिस्नेशी करार करून त्यांची पात्रे पत्त्यांवर छापली आणि हे पत्ते उत्तम खपले. लोकप्रिय पात्राची ताकद निन्टेन्डोने प्रथम अनुभवली, ती अशी दुसऱ्याच्या पात्रांच्या आधारे.

३/ १९८१ च्या सुमारास शिगेरू मियामोतो या तरुण रचनाकाराला 'पपाय' या कार्टूनवर खेळ करायचा होता. परंतु हक्क मिळाले नाहीत. मग पपायच्या दांडगट प्रतिस्पर्ध्याच्या जागी आला गोरिला, नायिकेच्या जागी नवी तरुणी आणि खुद्द पपायच्या जागी एक बुटका सुतार. खेळाचे नाव 'डाँकी काँग'. तो सुतार म्हणजेच पुढचा मारिओ.

४/ खेळ तुफान गाजला आणि १९८२ मध्ये हॉलिवूडच्या युनिव्हर्सल स्टुडिओने दावा ठोकला : हा गोरिला आमच्या 'किंग काँग'ची नक्कल आहे! खेळाची घरगुती आवृत्ती काढणाऱ्या कोलेको कंपनीने माघार घेऊन रॉयल्टी देण्याचे मान्य केले. निन्टेन्डोने मात्र न्यायालयात लढायचे ठरवले.

५/ आणि येथे खटल्याला कलाटणी मिळाली. १९७० च्या दशकात 'किंग काँग'चा नवा चित्रपट काढण्यासाठी युनिव्हर्सलनेच न्यायालयात प्रतिपादन केले होते की, ही कथा आता कोणाच्याही खासगी मालकीची राहिलेली नाही. निन्टेन्डोचे वकील जॉन कर्बी यांनी नेमके तेच पुढे केले. १९८३ मध्ये न्यायाधीश रॉबर्ट स्वीट यांनी निन्टेन्डोच्या बाजूने निकाल दिला. १९८४ मध्ये अपिलातही तो कायम राहिला.

६/ या निकालाचे महत्त्व पैशांपुरते नव्हते. पत्त्यांवर उसनी पात्रे छापणारी कंपनी आता स्वतःच्या पात्राची निर्विवाद धनी झाली होती. पुढचा प्रश्न असा होता : ही मालमत्ता इतरांच्या हाती द्यायची का, आणि कोणत्या अटींवर?

७/ येथे एक प्रचलित गैरसमज दूर करू. १९९३ चा चित्रपट हा मारिओचा पहिला पडदाप्रवेश नव्हे. जपानमध्ये १९८६ सालीच मारिओवर अॅनिमेशनपट आला होता आणि १९८९ मध्ये अमेरिकेत दूरचित्रवाणी मालिकाही सुरू झाली. १९९३ चे वेगळेपण हे की, हाडामांसाच्या नटांना घेऊन हॉलिवूडने मारिओवर चित्रपट काढला.

८/ या चित्रपटाचे हक्क निन्टेन्डोने विकले आणि निर्मितीचा लगाम निर्मात्यांच्या हाती सोपवला. पटकथा वारंवार बदलली. खेळातले रंगीबेरंगी मश्रूम राज्य पडद्यावर आले ते डायनोसॉरांच्या वंशजांचे अंधारे, ओंगळ शहर होऊन. वितरण होते डिस्नेकडे. सुमारे ४.८ कोटी डॉलर्स खर्चून अमेरिकेत जेमतेम २.१ कोटी मिळाले. मारिओ साकारणारे बॉब हॉस्किन्स यांनी पुढे या चित्रपटाला आपल्या कारकिर्दीतले सर्वांत वाईट काम म्हटले.

९/ निन्टेन्डोने धडा घेतला, किंबहुना गरजेपेक्षा जास्तच घेतला. पुढील अनेक वर्षे मारिओ चित्रपटगृहांपासून दूर राहिला. पोकेमॉन मालिका (१९९७) आणि तिचे चित्रपट हा मोठा अपवाद. पण पोकेमॉनच्या हक्कांत निन्टेन्डोसोबत इतर दोन कंपन्याही भागीदार आहेत, हे विसरता कामा नये.

१०/ मग धोरण बदलले कशामुळे? 'वी' हे यंत्र १० कोटींहून अधिक खपले होते. त्यानंतरच्या 'वी यू'ची विक्री मात्र १ कोटी ३५ लाखांच्या आसपासच थांबली. केवळ यंत्रांच्या खपावर विसंबणे धोक्याचे होते. २०१५ मध्ये मनोरंजन उद्यानांसाठी करार झाला आणि २०१८ मध्ये इल्युमिनेशन या स्टुडिओसोबत मारिओपटाची घोषणा झाली. उद्यानांचा भागीदार कोण? तोच, १९८२ चा फिर्यादी युनिव्हर्सल! इल्युमिनेशनही त्याच छत्राखालची.

११/ या वेळी केवळ हक्क विकले गेले नाहीत. निन्टेन्डोने स्वतःचे भांडवल गुंतवले आणि मियामोतो स्वतः सहनिर्माते झाले. २०२२ मध्ये कंपनीने एक अॅनिमेशन स्टुडिओ विकत घेऊन त्याला 'निन्टेन्डो पिक्चर्स' हे नाव दिले. १९९३ आणि २०२३ यांतला निर्णायक फरक माझ्या मते येथे आहे.

१२/ तथापि नियंत्रणालाही किंमत असते. २०२३ च्या चित्रपटावर प्रेक्षक खूष झाले, पण तो अतिसावध असल्याची टीका अनेक समीक्षकांनी केली. उलट १९९३ च्या विक्षिप्त चित्रपटाला काळाच्या ओघात निष्ठावंत चाहते लाभले. मालकाचा पहारा पात्राला विद्रूप होण्यापासून वाचवतो, तसाच अनपेक्षित वाटांपासूनही रोखतो.

१३/ आपला स्वतःचा अनुभवही आठवून पाहा. उन्हाळ्याच्या सुट्टीत कॅसेट फुंकून, पुन्हा खोचून आपण जो मारिओ खेळलो, तो बहुतेक घरांत नकली यंत्रांतून आला होता. मालकाच्या परवानगीविना, त्याला एक पैसाही न देता. तरीही २०२३ मध्ये तिकीट काढून चित्रपटगृहात बसणाऱ्यांत ती मुलेही होती.

१४/ कायद्याने मारिओ निन्टेन्डोचाच आहे, यात शंका नाही. पण त्याला इतके मोल ज्या आठवणींमुळे आले, त्यांतल्या कितीतरी कंपनीच्या पहाऱ्याबाहेर घडल्या. आता 'झेल्डा'वरचा चित्रपटही घोषित झाला आहे. त्याची जाहिरात पाहाल तेव्हा नटांच्या नावांसोबत निर्मात्यांची नावेही जरूर वाचा.

धागा समाप्त. तुमच्या घरी मारिओ कोणत्या यंत्रातून आला होता, ते अवश्य सांगा.