आठ आठवड्यांत निर्णय घ्या!

गेल्या दिवाळीआधी बाबांचा फोन आला. "अरे, आपण हायकोर्टात जिंकलो!" सोसायटीच्या हिशोबांबद्दलची त्यांची तक्रार दोन वर्षं सहकारी निबंधकांच्या कचेरीत पडून होती. ऑर्डर मागवून वाचली. जेमतेम दीड पान. तक्रारीवर दोन्ही बाजूंना ऐकून आठ आठवड्यांत निर्णय घ्या. गुणदोषांवर आम्ही काही म्हटलेलं नाही. झालं! म्हणजे हिशोब चूक की बरोबर, हे कोर्टाने सांगितलंच नव्हतं. आमच्या भाषेत, तिकीट क्लोज नाही केलं, ज्याच्या नावावर होतं त्याला फक्त 'हलव बाबा' म्हटलं.

मग वीकेंडला थोडं खोदकाम केलं.

आधी निबंधक. 1875 मध्ये पुणे जिल्ह्यात सुप्याला आणि मग आसपासच्या गावांत शेतकऱ्यांनी सावकारांचे कर्जरोखे जाळले. शेतकऱ्याच्या कर्जावर सरकारने पुढे जे उपाय शोधले, त्यातला एक म्हणजे 1904 चा सहकारी पतसंस्था कायदा. संस्था सभासदांची, पण नोंदणी, चौकशी आणि वेळ आली तर गुंडाळणं, सगळं निबंधकाच्या हातात. 1912 मध्ये पतसंस्थांशिवाय इतर संस्थाही कायद्यात आल्या, 1925 मध्ये मुंबई इलाख्याने स्वतःचा कायदा केला, 1960 मध्ये महाराष्ट्राने. आज आपली हाउसिंग सोसायटीही त्याच छत्रीखाली आहे, आणि कलम 83 खाली चौकशी लावायची तर परत निबंधकच. तोच गप्प बसला तर?

इथे मँडेमस येतो. लॅटिन शब्द, अर्थ 'आम्ही आज्ञा करतो'. कायद्यात दुसरा उपाय नाही, पण न्यायासाठी असायला हवा, अशा वेळी तो वापरावा, असं लॉर्ड मॅन्सफिल्ड यांनी 1762 मध्ये इंग्लंडमध्ये सांगितलं. आपल्याकडे 1877 च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टने अशा हुकमाची ताकद दिली ती मुंबईसारख्या इलाखा शहरांतल्या हायकोर्टांना, तीही शहराच्या हद्दीपुरती. साताऱ्याच्या माणसाने काय करायचं? 1950 मध्ये राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 ने ती हद्द काढून टाकली.

पण 'विचार करा' एवढंच सांगणाऱ्या ऑर्डरींचा पुढे इतका सुळसुळाट झाला की सुप्रीम कोर्टालाच बोलावं लागलं. 2006 मध्ये आंध्रच्या एसटी महामंडळाच्या खटल्यात त्यांनी बजावलं की 'विचार करा' म्हणजे 'मागणी मान्य करा' नव्हे. 2008 मध्ये सी. जेकब खटल्यात इशारा दिला की अशा ऑर्डरमुळे कधीच मुदत संपलेले दावे परत जिवंत होत नाहीत. म्हणजे वर्षानुवर्षं नुसते अर्ज करत बसलात तर ऑर्डर मिळूनही हात रिकामेच राहू शकतात.

मग उपयोग काय? बाबांचंच सांगतो. आठव्या आठवड्यात निर्णय आला, आणि तो विरोधात! दोन दिवस घरात कोणी बोललं नाही. पण त्या कागदावर कारणं होती, तारीख होती, सही होती. 'नाही'विरुद्ध वर दाद मागता येते. गप्प बसण्याविरुद्ध काय मागणार?

तिसऱ्या दिवशी बाबांनी फाईल काढली आणि विचारलं, "पुढच्या अर्जाची मुदत किती रे?"