‘लूझिंग माय रिलिजन’ची कुळकथा

‘लूझिंग माय रिलिजन’ या शब्दांचा सरळ अर्थ ‘माझा धर्म सुटत चालला आहे’ असा होत असला, तरी अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांच्या बोलीत त्यांचा धर्मत्यागाशी काहीही संबंध नाही. संयम सुटणे, सहनशक्तीची परिसीमा होणे, असा त्यांचा तिथला रूढ अर्थ आहे. चर्चमधली शिकवण आणि घरातले वळण या दोन गोष्टी जिथे वेगळ्या काढता येत नसत, तिथे रागाच्या भरात चारचौघांत तोंडाचा ताबा सुटणे म्हणजे जणू धर्मच सुटणे, अशी या वाक्प्रचारामागची समजूत दिसते. मराठीत एखाद्याने परीक्षेच्या निकालासाठी देव पाण्यात घातले असे म्हटले, तर ऐकणारा त्याच्या देव्हाऱ्यात डोकावत नाही, त्याच्या जिवाची घालमेल ओळखतो. मात्र मराठी न जाणणाऱ्याच्या डोळ्यांपुढे पाण्यात ठेवलेल्या मूर्तीच उभ्या राहतील. १९९१ साली याच नावाने निघालेल्या गाण्याच्या आणि त्याच्या चित्रफितीच्या वाट्याला नेमके हेच आले.

हे गाणे रचणारा ‘आर.ई.एम.’ हा चौघांचा वाद्यवृंद १९८० साली जॉर्जिया राज्यातील अथेन्स या विद्यापीठाच्या गावी उभा राहिला. मायकल स्टाइप हा गायक, पीटर बक गिटारवादक, माइक मिल्स बेस गिटारवादक आणि बिल बेरी ड्रमवादक. बड्या कंपन्यांच्या चाकोरीबाहेर, छोट्या कंपन्यांच्या ध्वनिमुद्रिकांतून आणि विद्यार्थ्यांनी चालवलेल्या महाविद्यालयीन नभोवाणी केंद्रांवरून जे रॉक संगीत त्या दशकात पसरले, त्याला पुढे ‘ऑल्टरनेटिव्ह’, म्हणजे पर्यायी, रॉक असे नाव पडले आणि आर.ई.एम. हे त्यातले एक अग्रगण्य नाव ठरले. १९८८ साली हा वृंद वॉर्नर ब्रदर्स या बड्या कंपनीकडे गेला, ‘ग्रीन’ हा अल्बम निघाला आणि १९८९ हे वर्ष बहुतांशी दौऱ्यात सरले. या धबडग्यानंतर विजेच्या गिटारचा कंटाळा आलेला बक दुसऱ्या वाद्यांकडे वळला.

त्यांपैकी एक मॅन्डोलिन. आठ तारांच्या चार जोड्या असलेले आणि व्हायोलिनप्रमाणे जुळवले जाणारे हे छोटे वाद्य मूळचे इटलीचे असून अमेरिकेत ते ब्लूग्रास या ग्रामीण संगीतात रुजले. मराठी वाचकाला त्याचा नाद हिंदी चित्रपटगीतांमुळे परिचयाचा आहे, कारण संगीतकार लक्ष्मीकांत कुडाळकर यांची सुरुवातच मॅन्डोलिनवादक म्हणून झाली होती. बक दूरचित्रवाणीसमोर बसून या वाद्यावर हात बसवत असे आणि जे वाजेल ते टेपवर उतरवून ठेवत असे. दुसऱ्या दिवशी ती टेप ऐकताना शिकाऊ सरावाच्या खटपटीत मध्येच एक पूर्ण स्वरावली त्याला सापडली. ज्या हाताला वाद्याची सवय नव्हती, त्याच हाताला ही चाल सुचली, हे लक्षात घेण्यासारखे आहे, कारण गिटारवर मुरलेली बोटे आपल्या नेहमीच्या वळणाने गेली असती.

१९९० च्या सप्टेंबरमध्ये न्यू यॉर्क राज्यातील बेअर्सव्हिल स्टुडिओत, स्कॉट लिट या निर्मात्याच्या साथीने, गाण्याचे ध्वनिमुद्रण झाले. मॅन्डोलिनचा आवाज वरच्या पट्टीत, बेसचा खालच्या पट्टीत आणि मधली जागा रिकामी, ही उणीव पीटर होल्सॅपल याच्या साध्या गिटारने भरून काढली. पुढे अटलांटा सिम्फनी ऑर्केस्ट्रातील वादकांनी तंतुवाद्यांचा पदर जोडला. स्टाइपने आपले गायन एकाच दमात ध्वनिमुद्रित केले. शब्दांचा विषय एकतर्फी प्रेम हा आहे: आपण फार बोललो की पुरेसे बोललोच नाही, समोरच्याला काही कळले की तो केवळ आपला भास, या शंकांनी पोखरलेल्या माणसाचा तोल जाण्याच्या बेतात असतो, आणि दक्षिणी वाक्प्रचार त्या अवस्थेला चपखल बसतो.

अल्बममधील जे गाणे स्वतंत्रपणे बाजारात आणले जाते त्याला ‘सिंगल’ म्हणतात आणि त्यासाठी सहसा ध्रुवपद ठसठशीत असलेले गाणे निवडले जाते. या गाण्याला रूढ अर्थाने ध्रुवपदच नाही, मुख्य वाद्य मॅन्डोलिन आणि लांबी जवळपास साडेचार मिनिटे. त्यामुळे ‘आउट ऑफ टाइम’ या अल्बमचे पहिले सिंगल म्हणून ते काढण्यास कंपनी सुरुवातीला कचरत होती. तरीही १९ फेब्रुवारी १९९१ रोजी ते प्रसिद्ध झाले आणि ‘बिलबोर्ड’ या अमेरिकी संगीत नियतकालिकाच्या मुख्य यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत पोहोचले, या वृंदाचे दुसरे कोणतेही गाणे तिथे इतके वर गेले नाही.

चित्रफितीचे दिग्दर्शन जालंधरमध्ये जन्मलेल्या आणि कॅलिफोर्नियात कलाशिक्षण घेतलेल्या तरसेम सिंग या तरुणाकडे आले. गायक कॅमेऱ्यासमोर गातो आहे, एवढेच साधे चित्रण स्टाइपच्या मनात होते, तर तरसेमला भारतीय चित्रपटांसारखे भडक भावनांचे स्वप्नवत चित्रण हवे होते. अखेर दोन्हींचा मेळ घातला गेला. चित्रफीत सुरू होते ती अंधाऱ्या खोलीत. खिडकीबाहेर पाणी ठिबकते आहे, चौघांपैकी तिघे खोलीतून धावतात, स्टाइप खुर्चीत बसून राहतो आणि खिडकीतले दुधाचे भांडे खाली पडून फुटते. हे भांडे आंद्रेई तारकोव्हस्की या रशियन दिग्दर्शकाच्या ‘द सॅक्रिफाइस’ या १९८६ च्या चित्रपटातून आले आहे. पंख असलेला म्हातारा आला तो गाब्रिएल गार्सिया मार्केस यांच्या कथेतून, जिथे अंगणात कोसळलेल्या या देवदूताला खुराड्यात कोंडतात आणि त्याला पाहण्यासाठी लोकांकडून पैसे घेतात. येशूच्या जखमेत बोट घालून खात्री करून घेणारा त्याचा संशयी शिष्य थॉमस आणि त्या दृश्यातला छायाप्रकाश ही कारावाज्जो या इटालियन चित्रकाराची देणगी आहे.

या ख्रिस्ती प्रतिमांच्या शेजारी हिंदू देवदेवतांचेही देखावे येतात, आणि ‘देखावा’ हा गणेशोत्सवातला शब्दच त्यांना योग्य आहे, कारण पात्रे सजून, रंगीत पडद्यापुढे, मूर्तीसारखी स्थिर उभी असतात. भारतात घरोघरी पोहोचलेल्या देवांच्या छापील चित्रांची हीच रीत आहे, आणि त्या परंपरेचा एक मोठा उगम महाराष्ट्रात आहे: राजा रविवर्मा यांनी १८९४ साली मुंबईत काढलेला आणि नंतर लोणावळ्याजवळ मळवली येथे हलवलेला शिळाछापखाना.

१९९१ च्या एमटीव्ही या संगीतवाहिनीच्या पुरस्कारांत या चित्रफितीला सर्वोत्तम चित्रफितीच्या मानासह सहा पारितोषिके मिळाली आणि पुढे ग्रॅमी पुरस्कारही लाभला. तिच्या यशाबरोबर अर्थाचेही स्थलांतर झाले. बोलीत रागाच्या किंवा हताशपणाच्या क्षणी उच्चारला जाणारा वाक्प्रचार जॉर्जियाबाहेरच्या असंख्य श्रोत्यांना चित्रफितीसहच भेटला. तिच्यात संत, देवदूत आणि देव दाटीने उभे असल्यामुळे, हे गाणे श्रद्धा गमावल्याचेच आहे, असा समज पसरला. तरसेमने एका परीने वाक्प्रचार शब्दशः घेतला होता, परंतु त्याची चूक झाली असे म्हणता येत नाही. कारण प्रेमात पडलेला माणूस समोरच्याच्या मौनातही कौल शोधतो, खुणांचे अर्थ लावतो, स्वतःला अपराधी ठरवतो, आणि हा सारा व्यवहार भक्ताचाच आहे. बोलीने ज्या शब्दांतला धर्म झिजवून टाकला होता, तो चित्रफितीने पुन्हा उजळला. म्हणूनच या शीर्षकाचे मराठी ‘धर्म सोडताना’ असे केले तर गाणे हातचे निसटते, आणि ‘तोल सुटताना’ असे केले तर चित्रफीत.